भारताची जर्सी घालायचीय? रग्बीत नवीन आलेल्या पोरींसाठी मैदानापासून नॅशनल कॅम्पपर्यंतची वाट

मी महाराष्ट्राकडून खेळले, कॅम्पपर्यंत गेले आणि आता वीकेंडला पोरींना शिकवते. दर सीझनला तेच तेच प्रश्न येतात म्हणून म्हटलं एकदाच सगळं लिहून ठेवावं. रग्बी म्हणजे नक्की काय, उशीर झाला का, सिलेक्शन कसं होतं, पैसे मिळतात का, आईला काय सांगू. सगळं क्रमाने घेते, पण जिथे पोरी अडकतात तिथे जास्त वेळ थांबणार आहे आणि जे कोणीही सांगेल ते पटकन उरकणार आहे.

आधी एक गोष्ट डोक्यात पक्की कर. आपल्याकडे रग्बीत उशीर वगैरे काही झालेला नसतो. क्रिकेटमधे बाराव्या वर्षापर्यंत अकॅडमीत नसलीस तर लोक नाक मुरडतात, इथे तसं नाही. बिहारची स्वीटी कुमारी आधी धावायची, अ‍ॅथलेटिक्समधून रग्बीत आली आणि २०१९ मधे स्क्रमक्वीन्स या महिला रग्बीच्या वेबसाइटने तिला जगातली यंग प्लेयर ऑफ द इयर म्हणून निवडलं. पोरी मागे पडतात त्या टॅलेंटमुळे कमी, आणि कागदपत्रं, गुडघे आणि प्रॅक्टिसला दांड्या या तीन गोष्टींमुळे जास्त.

१. आधी सेवन्स की फिफ्टीन्स ते समजून घे

रग्बी म्हणजे अंड्याच्या आकाराचा बॉल हातात घेऊन पळायचं, पास पुढे द्यायचा नाही, आणि समोरच्या टीमच्या गोल लाइनपलीकडे बॉल जमिनीला टेकवायचा, तो झाला ट्राय. बॉल घेऊन पळणारीला पकडून खाली पाडणं म्हणजे टॅकल. आपण खेळतो त्या रग्बीला रग्बी युनियन म्हणतात आणि तिचे दोन प्रकार. फिफ्टीन्समधे १५ जणी, ८० मिनिटं, स्क्रम (दोन्हीकडच्या पोरी वाकून एकमेकींना रेटतात), लाइनआउट (बाहेर गेलेला बॉल रांगेत उभं राहून हवेत पकडतात), सगळा लवाजमा. सेवन्समधे ७ जणी, सात-सात मिनिटांचे दोन हाफ, आणि मैदान मात्र तेवढंच मोठं. म्हणजे जागा भरपूर आणि माणसं कमी, त्यामुळे फुफ्फुसं बाहेर येतात. ट्रायला दोन्हीकडे ५ पॉइंट, कन्व्हर्जनला (ट्रायनंतर गोलपोस्टवर मारायची किक) २. सेवन्समधे कन्व्हर्जन ड्रॉप किकनेच (बॉल खाली टाकून उसळताच मारलेली किक) मारायची आणि ३० सेकंदात मारायची, हे लक्षात ठेव, पुढे कामाला येईल.

भारतात मुलींसाठी खरी शिडी सेवन्सची आहे. एशियन गेम्स, ऑलिम्पिक, नॅशनल गेम्स, सगळीकडे सेवन्स. आपल्या मुलींची फिफ्टीन्सची टीम पहिल्यांदा उतरली २०१८ मधे सिंगापूरला, आणि पहिला विजय आला २०१९ मधे फिलिपिन्समधे, सिंगापूरला २१-१९ ने हरवून. म्हणजे इतिहास अजून इतका ताजा आहे की त्या टीममधल्या कोणाला तरी तू एखाद्या टूर्नामेंटच्या कट्ट्यावर चहा पिताना भेटू शकतेस. त्यांच्यापैकी पुण्याची वाहबिझ भरुचा, भारताची कॅप्टन होती आणि पेशाने फिजिओथेरपिस्ट. हे मुद्दाम सांगतेय, कारण पुढे पैशाचा मुद्दा येणार आहे.

२. क्लब शोध, पण आधी चौकशी कर

मुंबई, पुणे, कोल्हापूर, ठाणे असल्या ठिकाणी मुलींच्या टीम आहेत, इतर जिल्ह्यातही शाळा-कॉलेजच्या पीटी सरांकडे विचार, नाहीतर जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयात जाऊन जिल्हा रग्बी असोसिएशनचा नंबर माग. तिथे लाजू नको, ते त्यांचं कामच आहे.

आता सापळा नंबर एक, आणि हा सगळ्यात महाग पडतो. देशात रग्बीची मान्यताप्राप्त संस्था एकच, इंडियन रग्बी फुटबॉल युनियन, जिला सगळे रग्बी इंडिया म्हणतात. तीच वर्ल्ड रग्बी (खेळाची जागतिक संघटना) आणि एशिया रग्बीची मेंबर. तिच्याशी जोडलेली राज्य असोसिएशन आणि तिला जोडलेली जिल्हा असोसिएशन, ही साखळी. याच्या बाहेर कोणीतरी "अखिल भारतीय अमुक तमुक फेडरेशन" नावाने स्पर्धा भरवतो, एंट्री फी घेतो, चकाचक मेडल देतो, कधी कधी "फॉरेन टूरसाठी सिलेक्शन झालंय, एवढे भरा" असंही सांगतो. ते सर्टिफिकेट उद्या नोकरीच्या पडताळणीत शून्य. पैसे भरायच्या आधी राज्य असोसिएशनला एक फोन करून विचार की ही स्पर्धा तुमच्या कॅलेंडरमधे आहे का. दोन मिनिटांचं काम आहे.

क्लब बरा आहे का हे कसं ओळखायचं? नवीन मुलीला पहिल्याच दिवशी फुल कॉन्टॅक्टमधे ढकलत असतील तर निघून ये. टॅकल शिकवायचा क्रम असतो, आधी गुडघ्यावर, मग चालत, मग जॉगिंग, मग स्पीडमधे. मैदानावर फर्स्ट एड किट आहे का, कोणाला डोक्याला लागलं की बाहेर काढतात का, महिला कोच किंवा मॅनेजर आहे का, हे बघ. टूर्नामेंटला बाहेरगावी जाताना मुलींसोबत महिला मॅनेजर नसेल तर जाऊ नको, मग ती फायनल का असेना.

३. सामान काय लागतं

फार काही नाही, आणि हीच रग्बीची मजा आहे.

- स्टडचे बूट. फुटबॉलचे चालतात. धातूचे स्टड असतील तर कडा घासून धारदार झाल्यात का बघ, रेफ्री मॅचआधी बोट फिरवून तपासतात.
- माउथगार्ड. गरम पाण्यात टाकून दातावर बसवायचा साधा मिळतो. माउथगार्डशिवाय कॉन्टॅक्ट प्रॅक्टिस करायचीच नाही.
- चांगली स्पोर्ट्स ब्रा. यावर पैसे वाचवू नको, जर्सीवर वाचव.
- शॉर्ट्स, लांब मोजे, आणि हवी असल्यास शॉर्ट्सच्या आत लांब टाइट्स. मुलींना ती घालायची परवानगी नियमातच आहे. घरी शॉर्ट्सवरून वाद होत असेल तर हा नियम दाखव, माझ्या बघण्यातल्या दोन-तीन पोरी याच एका गोष्टीमुळे खेळात टिकल्या.
- बॉल. क्लबचा असतो, पण एक स्वतःचा पाच नंबरचा घेऊन ठेव, घरी भिंतीवर पासिंग करायला.

कानातलं, अंगठी, नाकातली चमकी, गळ्यातलं, सगळं काढायचं. वर टेप लावते म्हणून चालत नाही. चमकी नवीन टोचली असेल तर आता ठरव काय ते. नखं कापलेली हवीत, त्यावरूनही मैदानाबाहेर बसवतात.

४. दुसऱ्या खेळातून येत असशील तर

आपल्याकडे बहुतेक मुली कबड्डी, खो-खो, अ‍ॅथलेटिक्स नाहीतर फुटबॉलमधून येतात आणि हे भांडवल आहे, पण प्रत्येक खेळाची एकेक वाईट सवय सोबत येते.

कबड्डीवाल्यांना अंगाला अंग भिडायची भीती नसते, निम्मं काम तिथेच झालं. थाय होल्डचा पकड घ्यायचा अँगल तर टॅकलला जवळजवळ जसाच्या तसा चालतो. पण डॅश विसरायचा! खांद्याने नुसता धक्का मारून बाहेर घालवणं म्हणजे रग्बीत हात न गुंडाळता केलेला टॅकल, पेनल्टी तर नक्की आणि जोरात बसला तर कार्ड. सेवन्समधे यलो कार्ड म्हणजे दोन मिनिटं बाहेर, आणि सात मिनिटांच्या हाफमधे दोन मिनिटं सहा जणींनी खेळणं म्हणजे एक-दोन ट्राय खाल्लेच समज. दुसरं म्हणजे कबड्डीत पकडलं की सोडत नाही, इथे ती खाली पडली की लगेच सोडायचं, उठायचं आणि मग बॉलसाठी लढायचं. ही सवय मोडायला वेळ लागतो, वैतागू नको. आणि डोकं! डोकं नेहमी तिच्या मागच्या बाजूला, तिच्या पळण्याच्या वाटेत कधीच नाही. खांद्याच्या वर टॅकल चालत नाही.

खो-खोवाल्या पोरी डॉजिंगमधे राजा असतात, साइडस्टेप शिकवायलाच लागत नाही. त्यांना फक्त बॉल दोन हातात धरून ते करायची सवय लागते. अ‍ॅथलेटिक्सवाल्या सरळ रेषेत पळतात, वळायला शिकवावं लागतं. फुटबॉलवालीला किक येते आणि तिने ड्रॉप किक बसवली तर तिची किंमत एकदम वाढते, कारण आपल्या टीममधे भरवशाची ड्रॉप किक मारणाऱ्या मुली कमीच आहेत.

५. अंग तयार करणं, आणि गुडघा वाचवणं

सिलेक्शनला ब्राँको टेस्ट असते. २० मीटर जाऊन परत, ४० जाऊन परत, ६० जाऊन परत, हा एक राउंड, असे पाच राउंड न थांबता, एकूण १२०० मीटर. पाच मिनिटांच्या आसपास आलीस तर कोच वहीतून मान वर करतो. याची प्रॅक्टिस आठवड्यातून एकदा पुरे, रोज ब्राँको मारून कोणी फास्ट होत नाही, पाय मात्र जातात.

जिम करायचीच. स्क्वॉट, डेडलिफ्ट, पुलअप, आणि मानेचे व्यायाम. "मुलगी फार मसक्युलर दिसेल" हे वाक्य नातेवाइकांकडून ऐकायला मिळेल, ऐकून सोडून दे.

आता गुडघा. एसीएल लिगामेंट तुटायचं प्रमाण मुलींमधे मुलांपेक्षा जास्त आहे, आणि तुटलं की ऑपरेशन, फिजिओ धरून ९ महिने ते वर्षभर गेलं. बऱ्याच जणींचं करिअर इथेच थांबतं, कारण ऑपरेशन होतं पण नंतरच्या फिजिओला कोणी जात नाही, चालता आलं की झालं असं वाटतं. वर्ल्ड रग्बीचा अ‍ॅक्टिव्हेट नावाचा वॉर्मअप प्रोग्राम फुकट आहे, १५-२० मिनिटांचा, बॅलन्स, उडी मारून नीट उतरणं, हॅमस्ट्रिंग, मान असं सगळं त्यात आहे. कोच घेत नसेल तर तू स्वतः लवकर येऊन कर. कंटाळवाणं आहे हे कबूल, पण ऑपरेशनचा खर्च एकदा विचारून बघ.

आणि डोक्याला लागलं तर त्याच क्षणी बाहेर. चक्कर, मळमळ, धूसर दिसणं, काहीतरी विसरल्यासारखं होणं, यातलं एकही असेल तर "मी ठीक आहे सर" म्हणायचं नाही. कनकशनसाठी (डोक्याला मार लागून मेंदूला बसलेला धक्का) वर्ल्ड रग्बीच्या गाइडलाइनप्रमाणे आपल्यासारख्या हौशी खेळाडूंनी २१ दिवसांच्या आत परत मॅच खेळायची नाही, तेही डॉक्टरच्या परवानगीने आणि पायरी पायरीने.

खाण्याबद्दल एकच सांगते. डब्यात दोन पोळ्या आणि बटाट्याची भाजी यावर रग्बी होत नाही. अंडी, मटकी-मुगाची उसळ, शेंगदाण्याचा लाडू, दही, फुटाणे, नाचणी, जे घरात परवडतं त्यातूनच प्रोटीन भर. पाळी दोन-तीन महिने आली नाही तर खूश होऊ नको, बऱ्याचदा ते कमी खाण्याचं आणि जास्त ट्रेनिंगचं लक्षण असतं, डॉक्टरकडे जा. हिमोग्लोबिन वर्षातून एकदा तरी तपास.

६. कागदपत्रं, म्हणजे जिथे खरी विकेट पडते

हे वाचताना झोप येईल तरी वाच. चांगल्या चांगल्या पोरी कॅम्पला निवडल्या जाऊन पासपोर्टपायी टूरला जाऊ शकल्या नाहीत, हे डोळ्याने बघितलंय.

फाइलमधे हे हवं:
- जन्म दाखला, महापालिका किंवा ग्रामपंचायतीचा, त्यावर तुझं नाव असलेला. बऱ्याच जुन्या दाखल्यांवर नुसतं "मुलगी" असतं, नाव नंतर घालून घ्यावं लागतं.
- आधार कार्ड
- शाळेचा दाखला किंवा दहावीचं सर्टिफिकेट
- शाळा-कॉलेजचं बोनाफाइड
- पासपोर्ट
- डॉक्टरचं फिटनेस सर्टिफिकेट
- १८ च्या आत असशील तर पालकांचं संमतीपत्र
- पासपोर्ट साइज फोटो, बँक पासबुकची झेरॉक्स
- आतापर्यंतची सगळी खेळाची सर्टिफिकेट, ओरिजिनल आणि स्कॅन दोन्ही

सगळ्यात मोठा सापळा जन्मतारखेचा. शाळेत घालताना गुरुजींनी लावलेली १ जून आणि ग्रामपंचायतीच्या दाखल्यावर भलतीच तारीख, हे आपल्या गावागावात आहे. एज ग्रुपच्या स्पर्धेत ही तफावत दिसली की सरळ शंका घेतात, हाडांच्या वयाच्या टेस्टपर्यंत गोष्ट जाऊ शकते. आणि तफावत निस्तरायला महिने लागतात, त्यामुळे तुझं सिलेक्शन व्हायच्या आधी, म्हणजे आजच, दोन्ही कागद शेजारी ठेवून बघ.

दुसरा सापळा नावाचा. एका ठिकाणी आडनाव आधी, एका ठिकाणी वडिलांचं नाव मधे, एका ठिकाणी वडिलांचं नाव गायबच, स्पेलिंग तीन प्रकारची. सगळीकडे एकच नाव, एकच स्पेलिंग कर. मोठा बदल असेल तर राज्य सरकारचं गॅझेट करावं लागतं. लग्न झालं असेल तर पासपोर्टवर कुठलं नाव ठेवायचं ते टूरच्या तोंडावर ठरवू नको.

पासपोर्ट आत्ताच काढ, निवड झाल्यावर नाही. पोलिस व्हेरिफिकेशनला घरी कोणीतरी असायला हवं. आणि परदेशात जाताना सहसा पासपोर्टची मुदत किमान सहा महिने शिल्लक लागते, ती संपत आलेली असेल तर आधीच रिन्यू कर.

७. सिलेक्शन प्रत्यक्षात कसं होतं

क्लब किंवा शाळा, मग जिल्हा, मग राज्याची ट्रायल, मग नॅशनल. नॅशनलमधून कॅम्पला बोलावतात, कॅम्प बहुतेक वेळा राज्याबाहेर असतो, कोलकाता, भुवनेश्वर अशा ठिकाणी. कॅम्पमधून कापत कापत शेवटी सेवन्सची १२ जणींची टीम. वयोगट आणि तारखा दर वर्षी सर्क्युलरमधे येतात, ते सर्क्युलर कोचच्या व्हॉट्सअ‍ॅपवर अडकून राहू शकतं म्हणून स्वतः राज्य असोसिएशनची पेजेस बघत जा.

स्पर्धा कोणाशी आहे ते माहीत असू दे. ओडिशा आणि बिहार मुलींमधे जबरदस्त आहेत. बंगालमधे सिलिगुडीजवळच्या सरस्वतीपूर चहाच्या मळ्यातल्या पोरी भारताकडून खेळल्यात, संध्या राय त्यातलीच. या मुली रोज एकत्र प्रॅक्टिस करतात, बऱ्याच जणी हॉस्टेलवर राहून, आणि आपण शनिवार-रविवारी. तरी आपल्या पोरी पोहोचतात, हँगझोऊच्या एशियन गेम्सला भारताच्या टीममधे कल्याणी पाटील आणि वैष्णवी पाटील या आपल्या महाराष्ट्राच्या दोघी होत्या.

ट्रायलला नवीन मुलगी काय करते, तर बॉल मिळाला की एकटीच पळते, सगळ्यांना दिसावी म्हणून. सिलेक्टर ते बघतात, पण त्याहून जास्त बघतात की बॉल नसताना तू काय करतेस. टॅकल मारून किती सेकंदात उठलीस, चुकलेल्या टॅकलनंतर मागे पळालीस की कमरेवर हात ठेवून उभी राहिलीस, शेजारच्या मुलीशी बोलतेस का. सेवन्समधे मुकी मुलगी म्हणजे डिफेन्समधे भोक. आणि डाव्या-उजव्या दोन्ही बाजूंना पास हवा. एकाच बाजूला पास देणारी मुलगी चांगल्या कोचला दहा मिनिटांत कळते.

एक वाईट गोष्ट पण सांगते. कधी कधी तू बरी खेळूनही नाव येत नाही आणि कारण कोणी सांगत नाही. अशा वेळी रडून झालं की कोचकडे शांतपणे जाऊन विचार, मी कुठल्या दोन गोष्टींवर काम करू. वडिलांना भांडायला पाठवू नको, त्याने पुढच्या वर्षीची दारं बंद होतात. बरोबर-चूक सोड, व्यवहार असा आहे.

८. कॅम्पला गेल्यावर: औषधं आणि पावडरी

राष्ट्रीय पातळीवर नाडाची (देशातली डोपिंगविरोधी संस्था) डोप टेस्ट कधीही होऊ शकते आणि नियम एकदम कडक, शरीरात जे सापडेल त्याला तू जबाबदार, कोणी दिलं हे नंतर. जिमवाल्या दादाने दिलेला प्री-वर्कआउट, शेजारच्या काकूंचं आयुर्वेदिक चूर्ण, सर्दीची गोळी, सगळं संशयास्पद धरून चाल. नाडाचं औषध तपासायचं अ‍ॅप आहे, ते टाकून घे. दम्याचा पंप किंवा कायमचं औषध चालू असेल तर टीम डॉक्टरला पहिल्या दिवशी सांग, त्यासाठी आधी परवानगी लागू शकते.

९. पैसे आणि नोकरी (हा भाग आई-बाबांनाही वाचायला दे)

काका-काकू, तुम्हाला स्पष्टच सांगते. २०२५ च्या महिला रग्बी वर्ल्ड कप फायनलला लंडनमधे ८१,८८५ लोक आले होते, इंग्लंडने कॅनडाला ३३-१३ ने हरवलं, आणि इंग्लंडच्या मुलींना २०१९ पासून फुल टाइम करार आहेत. ते चित्र बघून मुलगी रग्बीवर घर चालवेल असं धरू नका. आपल्याकडे कॅम्पला राहणं-खाणं-प्रवास होतो, महिन्याचा पगार धरून चालू नका. म्हणून शिक्षण सोडवू नका. पण "यात काय भविष्य आहे" हेही खरं नाही. महाराष्ट्रात सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे, रेल्वे आणि पोलिसात स्पोर्ट्स कोटा असतो, बिहार सरकारने तर आपल्या रग्बीच्या मुलींना पोलिसात घेतलंय.

फक्त दोन गोष्टी. एक, नुसत्या सहभागाच्या सर्टिफिकेटवर बहुतेक ठिकाणी भागत नाही, नंबर लागतो, आणि स्पर्धा मान्यताप्राप्त हवी. दोन, सर्टिफिकेटची पडताळणी विभागीय क्रीडा उपसंचालकांच्या कार्यालयातून करून घ्यावी लागते आणि ती जाहिरात निघायच्या आधी करून ठेवा, फॉर्मची शेवटची तारीख आली की तिथे रांग असते. दहावी-बारावीच्या खेळाडू गुणांचा प्रस्तावही शाळेकडून वेळेत गेला का ते स्वतः विचारा, शाळा विसरतात.

१०. परदेशात राहणाऱ्या मराठी मुलींसाठी

वर्ल्ड रग्बीच्या नियमाने तू स्वतः, आई-वडील किंवा आजी-आजोबांपैकी कोणी एखाद्या देशात जन्मलेलं असेल तर तू त्या देशाकडून खेळू शकतेस, नाहीतर सलग ५ वर्षं फक्त तिथल्या रग्बी युनियनकडे नोंदणी किंवा एकूण १० वर्षं तिथे राहिलेली हवीस. हे वाचून लंडन-न्यू जर्सीच्या पोरी खूश होतात, पण भारताच्या टीमसाठी सरकारचं धोरण भारतीय पासपोर्टचं राहिलंय, ओसीआय कार्डावर (परदेशी नागरिक असलेल्या भारतीय वंशाच्या लोकांचं कार्ड) भागलेलं नाही. तिकीट काढायच्या आधी रग्बी इंडियाला मेल टाकून लेखी उत्तर घे. आणि तुझ्या तिथल्या देशाच्या सीनियर टीमकडून एकदा खेळलीस की देश बदलणं फार अवघड होतं, त्यामुळे तो विचार पहिल्या कॅपच्या, म्हणजे देशाकडून पहिल्या मॅचच्या आधी.

११. खेळणं थांबलं तर

वर्ल्ड रग्बीचे ऑनलाइन बेसिक कोर्स फुकट आहेत, रग्बी रेडी आणि कनकशनचा कोर्स तर खेळत असतानाच करून टाक, एका संध्याकाळी होतात. पुढे लेव्हल वनचा कोचिंग किंवा रेफ्रींगचा कोर्स. मुलींच्या स्पर्धांना महिला रेफ्री शोधावी लागते, त्यामुळे शिट्टी हातात घेणाऱ्या मुलीला काम पटकन मिळतं, प्रवास होतो, थोडं मानधनही असतं. कोर्स वर्षभर चालू नसतात आणि जागा कमी असतात, राज्य असोसिएशनला आत्ताच नाव देऊन ठेव आणि तिथेही आधारवरचंच स्पेलिंग लिही.